पण आला!

सरांच्या शर्टाच्या खिशात पेन नसायचं, रिमोट असायचा. हजेरी घ्यायची वेळ झाली की पहिल्या बाकावरच्या कुणाचं तरी पेन मागायचे आणि परत द्यायला हमखास विसरायचे. रिमोट मात्र कधी विसरले नाहीत. पूर्वी शाळेच्या टीव्हीचा रिमोट मुख्याध्यापकांच्या कपाटात असे. तो एकदा हरवला आणि टीव्ही दिवाळीपर्यंत मुका बसला. नवीन आला तेव्हा सरांनी जाहीर केलं, "आता हा माझ्या अंगावर राहील." तेव्हापासून तो अंगावरच. बाजारात, एस.टी. स्टँडवर, इतकंच काय, एका लग्नात पंगतीला बसले होते तेव्हाही खिशातून डोकावताना मी पाहिलाय.

आमची शाळा एरंडोलहून आत, कपाशीच्या शेतांतून जाणाऱ्या रस्त्यावर. मी मराठी शिकवते. सर विज्ञान शिकवायचे. मी जळगावहून जाऊन-येऊन करायचे, ते एरंडोललाच एक खोली घेऊन राहायचे. त्यांची बायको धुळ्याकडच्या एका शाळेत शिक्षिका होती. दोघांच्या नोकऱ्या दोन जिल्ह्यांत, त्यामुळे संसार रविवारचा. बाकीचे सहा दिवस फोन. तो फोनही कसा, स्पीकर लावून, स्टँडच्या बाकावर बसून, सगळ्या प्रवाशांना ऐकू जाईल असा. "आज काय केलं?" "गिलक्याची भाजी." "कालही गिलकीच होती." "कालची तुम्ही खाल्ली नाहीत, तुम्हाला काय त्याचं?" हे आमच्या विद्यार्थ्यांनी इतक्यांदा ऐकलं होतं की त्यांच्या घरचा आठवड्याचा स्वयंपाक वर्गाला पाठ होता.

शनिवारचा शेवटचा तास टीव्हीचा. शैक्षणिक वाहिनीची एक मालिका होती, किशोरवयीन मुलामुलींसाठी. शरीरातले बदल, मनातले बदल, ताणतणाव, मैत्री, आणि मग ज्याची सगळा वर्ग वर्षभर वाट बघायचा ते 'आकर्षण'. विज्ञानाचे म्हणून ही मालिका सरांच्या गळ्यात पडली. इतर शाळांत शिक्षक म्हणे टीव्ही लावून द्यायचे आणि व्हरांड्यात जाऊन उभे राहायचे. कारण उघड आहे. मुलामुलींसमोर बसून 'आकर्षण' बघायचं म्हणजे कान तापतात माणसाचे. आमचे सर शेवटच्या बाकावर मुलांच्यात घुसून बसायचे आणि टीव्हीशी भांडायचे. ते भाग इंटरनेटवरून लावायचे, म्हणजे हवं तिथं थांबवता यायचे. दर दोन मिनिटांनी हात वर, रिमोट पुढं, चित्र गप्प.

"थांबा. ह्या पोराच्या तोंडाकडं नीट बघा. ह्याला प्रेम झालंय की भूक लागलीय?"

"भूक, सर!"

"मग पुढं."

मालिकेबद्दल त्यांच्या तक्रारी पुष्कळ होत्या. तिच्यातल्या पोरांची शाळा कायम बागेत भरते. मुलीच्या हातून वह्या पडतात आणि मुलगा त्या उचलून देतो. "आमच्याकडं वह्या पडल्या तर पोरं त्यावरून चालत जातात," सर म्हणायचे. आणि ज्याचं मन कुणावर बसलं त्याचे मार्क हटकून कमी. "का हो? एखाद्याचे वाढत का नाहीत? तिच्यासमोर इज्जत जाऊ नये म्हणून रात्रंदिवस प्रमेयं पाठ करणारा एकही पोरगा ह्यांना सापडला नाही? मला तर पुष्कळ सापडले."

प्रत्येक भागाच्या शेवटी सुती साडीतल्या एक समुपदेशक यायच्या, हसतमुख, हातावर हात ठेवून बसलेल्या. सर त्यांना ताईसाहेब म्हणायचे. ताईसाहेब पडद्यावर आल्या की सर खरोखर उठून उभे राहायचे. "या ताईसाहेब, बसा." मग ताईसाहेब बोलू लागायच्या. "मुलांनो, या वयात कुणीतरी आवडणं ही अगदी स्वाभाविक आणि सुंदर गोष्ट आहे, पण..."

की सरांचा रिमोट. चित्र थांबलेलं, ताईसाहेबांचं तोंड अर्धवट उघडं, आणि सर विजयी मुद्रेनं म्हणायचे, "पण आला!"

पुढं पुढं सरांना म्हणावंच लागेना. ताईसाहेबांनी नुसता श्वास घेतला की सगळा वर्ग ओरडायचा, "पण आला!" शेजारच्या वर्गात मी कविता शिकवत असले तरी माझ्या वर्गातली पोरं खुदकन हसायची. सरांचं म्हणणं असं की पणच्या पुढं आजवर कुणी चांगलं काही बोललेलं नाही. पणच्या आधीचं बोलणं ताटातल्या मिठासारखं, वाढायचं म्हणून वाढलेलं. खरं जेवण पणच्या पुढं, आणि ते कायम कारल्याचं. म्हणून ते भाग तिथंच बंद करायचे. ताईसाहेबांचं एकही वाक्य आमच्या शाळेत कधी पूर्ण झालं नाही.

एकदा एका पोरानं धीर करून विचारलं, "सर, पण प्रेम म्हणजे काय?" सर म्हणाले, "थांब, जाणकाराला विचारू," आणि भर वर्गात बायकोला फोन लावला, स्पीकरवर. तिची शाळा सकाळची, ती घरीच होती. "अगं, पोरं विचारतायत, प्रेम म्हणजे काय?" पलीकडून आवाज आला, "गॅसवर दूध आहे," आणि फोन कट. वर्ग हसून लोळला. दहाएक मिनिटांत त्यांचा फोन वाजला. बायको म्हणाली, "दूध उतू गेलं नाही. काय म्हणत होता?" सर म्हणाले, "काही नाही, झालं उत्तर." मला हा किस्सा त्यांनीच मधल्या सुट्टीत सांगितला, आणि सांगताना डोळे पुसले. हसून की कशानं ते मला कळलं नाही. मी डबा खात होते.

आवाज बंद करण्याची कल्पना त्यांना कशी सुचली ते मी डोळ्यांनी पाहिलं. मालिकेतला मुलगा म्हणत होता, "मला तुझ्याविषयी काहीतरी विशेष वाटतं." सरांनी कपाळावर हात मारला. "असं आपल्या गावात कुणी म्हटलं तर समोरची विचारेल, ताप आलाय का रे?" आणि टीव्हीचा आवाज घालवला. नुसती हलणारी तोंडं. "आता आवाज तुम्ही द्यायचा. घरी बोलता तसा." मग एक मुलगा, एक मुलगी, लाजत, एकमेकांकडं न बघता, टीव्हीकडं बघून बोलले.

"काय करी ऱ्हायनी?"

"काही नही."

"मी बी काहीच नही करी ऱ्हायनू."

सरांनी टाळ्या वाजवल्या. "हे! हे खरं!"

मी मराठीची बाई. मला ते झोंबलं, खोटं कशाला बोलू. मी म्हटलं, "सर, पेपर काय अहिराणीत लिहायचाय त्यांना?" ते म्हणाले, "मॅडम, तुमच्या भाषेत पोरं अर्ज करतील की. बाकीचं सगळं ह्याच भाषेत होतं." मी खडू उचलला आणि माझ्या वर्गावर गेले.

आवाज देण्यात सगळ्यांत तयार होती दहावीतली एक मुलगी. तिच्या वडिलांची गावात पिठाची गिरणी. गाव त्यांना आबा म्हणायचा. आबा दिवसभर यंत्राच्या घरघरीवर ओरडून बोलायचे, म्हणून घरीही ओरडूनच बोलायचे. नकला हा त्यांचा हातखंडा. सरपंच, तलाठी, नशिराबादहून येणारा कापडवाला, कुणीही. दळण होईपर्यंत लोक घरी जायचे नाहीत, आबांच्या नकला ऐकत थांबायचे. पोरीनं तो गळा उचलला होता. ताईसाहेब तर ती अशी काढायची की सर उठून उभे राहायचे.

त्या शनिवारचा भाग असा होता. बाग, बाकडं, मुलगा मुलीला सांगतो की तू मला आवडतेस. मुलगी मान खाली घालून म्हणते, "मलाही तू आवडतोस, पण आत्ता आपण अभ्यासावर लक्ष केंद्रित करू या." सरांनी आवाज घालवला आणि फर्मान काढलं, "आज हा पणही काढून टाकायचा. तिला जे म्हणायचंय ते म्हणू दे आणि गप्प बसू दे. बघू जमतं का."

मी तेव्हा रजिस्टर न्यायला आले होते, दारातच थांबले. मुलाचं वाक्य झालं. मग गिरणीवाल्या आबांची मुलगी म्हणाली, "तू बी माले आवडस." आणि थांबली.

एरवी वर्ग धिंगाणा घालायचा. त्या दिवशी कुणी हूं की चूं केलं नाही. तिच्या आवाजात नक्कल नव्हती. तहान लागल्यावर पाणी मागावं इतकं साधं म्हणाली. ती टीव्हीतल्या मुलाला म्हणाली, आवाज देणाऱ्या मुलाला म्हणाली, की कुणालाच नाही, ते मला माहीत नाही. मी विचारलंही नाही कधी.

कुणाच्या तरी दप्तरात फोन होता. चोरून आणलेला, म्हणून झाकलेला. झाकलेला, म्हणून चित्र आलं नाही, फक्त आवाज आला. आणि तो आवाज संध्याकाळी गावाच्या ग्रुपवर. ना बाग, ना बाकडं, ना टीव्ही. आबांच्या पोरीचा आवाज, गावात सगळ्यांच्या ओळखीचा, आणि त्या आवाजात 'तू बी माले आवडस'.

गंमत बघा. हेच ती 'मलाही तू आवडतोस' असं म्हणाली असती तर कुणी ढुंकून पाहिलं नसतं. शाळेचं नाटक असेल, म्हणून सोडून दिलं असतं. अहिराणीत म्हणाली, म्हणून ते खरं ठरलं.

सोमवारी आवाज देणारा मुलगा शाळेत आला, एक गाल सुजलेला. बापानं एक ठेवून दिली होती आणि दप्तर हातात देऊन शाळेत पाठवलं होतं. त्याचं प्रकरण तेवढ्यावर मिटलं. मुलगी आली नाही. दुपारी कळलं की तिची शाळा बंद, पाचोऱ्याहून मामाला बोलावलंय, तो तिला घेऊन जाणार, आणि तिकडं एक स्थळही बघून ठेवलंय. दहावीची परीक्षा तोंडावर आली होती. मुख्याध्यापकांनी टीव्हीचं बटण भिंतीतून बंद केलं आणि सरांपुढं हात पसरला. "रिमोट जमा करा." सर म्हणाले, "टीव्ही घ्या साहेब. रिमोट राहू द्या."

शाळा सुटल्यावर मी सरांना गाठलं. म्हटलं, "अवघड काही नाही. आबांना सांगू की क्लिप अर्धवट आहे. पुढं 'पण अभ्यास महत्त्वाचा' असं होतं. मालिकेत ते आहेच की. आपण काही पदरचं घालत नाही."

सर बराच वेळ रिमोटची मागची झाकणी काढत-लावत बसले. मग म्हणाले, "मालिकेत आहे. पोरीनं म्हटलं नव्हतं. मीच म्हणू दिलं नाही. आता माझी मान सोडवायला तिच्या तोंडात मी पण घालू?"

"तुमची मान नाही, तिची शाळा," मी म्हटलं. मला संताप आला होता त्यांचा. दुसऱ्याच्या पोरीवर प्रयोग करायचे आणि वर तत्त्व सांगायचं! ते मी जवळजवळ ह्याच शब्दांत बोलून दाखवलं. त्यांनी ऐकून घेतलं. मग उठले आणि म्हणाले, "चला, आबांकडं."

आबा ओट्यावर बसले होते. गिरणी बंद होती. भुवयांवर मात्र पीठ होतं, जणू ते धुऊनही जात नसावं. "बठा सर, बठा मॅडम," म्हणाले, ओरडूनच. घरात नेलं. चहा आला. मुलीची आई स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी राहिली. मुलगी दिसली नाही. आतल्या खोलीचं दार लोटलेलं होतं.

सरांनी सगळं सांगितलं. टीव्ही, आवाज बंद करणं, पोरांनी आवाज देणं. "आबा, आवाज तिचा होता, बोलणं टीव्हीतल्या मुलीचं."

आबा म्हणाले, "सर, टीव्हीमातली पोर अहिरानीमा बोलस का?"

मी चहात बघत बसले.

"त्याना पुढे काय बोलनी ती?" आबांनी विचारलं. "क्लिप तठेच तुटी जास."

आता सांगा, मी मनात म्हटलं. एक शब्द. दोन अक्षरं. नाही तर मी सांगते. माझ्या ओठावर आलंही होतं. तेवढ्यात सर म्हणाले, "पुढं काही बोलली नाही. तेवढंच होतं. मीच सांगितलं होतं तेवढंच म्हणायला."

आबांनी मान हलवली. संपलं, असं मला वाटलं.

पण सरांनी खिशातून फोन काढला. त्यात तोच भाग लावला, आवाज घालवला, आणि पाण्याच्या तांब्याला टेकवून फोन आबांसमोर उभा केला. त्या भागात पुढं मुलीच्या घरचा प्रसंग होता. मुलीच्या वडिलांना कुणीतरी चहाडी केलेली, आणि ते सोफ्यावरून उठून तिला बोलत असतात. सर म्हणाले, "आबा, ह्या बापाचा आवाज तुम्ही द्या."

"मी काय तमाशावाला शे का?"

उंबऱ्यातून मुलीची आई म्हणाली, "द्या ना. गिरनीवर साऱ्या गावना आवाज काढतस. एक बापना काढा."

आबांनी तिच्याकडं रागानं बघितलं. मग फोनकडं. पडद्यावरच्या बापाचा इस्त्रीचा झब्बा, चष्मा, हातात वर्तमानपत्र. नकलाकार माणूस तो, बघता बघता त्याची मान त्या बापासारखी झाली. टीव्हीतल्या बापानं बोट उगारलं आणि आबा बोलू लागले. सुरुवातीला नक्कलच होती.

"कोठे गयथी? आं? सारा गाव हासी ऱ्हायना. मी कोनले तोंड दखाडू?"

मग नक्कल राहिली नाही. "गिरनीवर मानसं येतस, दळन ठेवतस, काहीच बोलतस नही. आधी कसा हासेत. आते काहीच बोलतस नही. तुले शिकाडं, मना गळा तुले दिधा, तो असा वापरा?" आवाज चढत गेला. तांब्यातलं पाणी हललं म्हटलं तरी चालेल. "घरमा बठ आते! बठ घरमा!"

पडद्यावर त्या बापानं बोट खाली केलं. चष्मा काढला आणि झब्ब्याला पुसत राहिला. त्याचं तोंड हलत नव्हतं. आबांना बोलायला काही नव्हतं. ते नुसते बघत राहिले, तो दुसरा बाप चष्मा पुसतोय ते. मुलगी समोर उभी. मग त्या बापानं तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि त्याचे ओठ हलले. थोडेसेच.

आबा गप्प. ओठ हलून गेले तरी गप्प. आम्हाला वाटलं, सोडून दिलं. मग घसा खाकरून म्हणाले, "शाळाले जाय."

मी कप खाली ठेवला.

"पन..." आबा म्हणाले.

सरांचा हात आपोआप खिशात गेला. रिमोट बाहेर आला. शाळेच्या टीव्हीचा रिमोट, आधी त्या फोनकडं, मग थेट आबांकडं रोखलेला. आणि त्याच क्षणी लोटलेल्या दाराआडून, सवयीनं, आवाज आला, "पन उना!"

आबांनी दाराकडं बघितलं, मग सरांच्या हातातल्या रिमोटकडं.

"सर," ते म्हणाले, "मानूसले पुरं तं बोलू द्या."

सरांनी रिमोट खाली घेतला.

आबा दाराकडं तोंड करून बोलले. इतक्या वर्षांत त्यांचा खालचा आवाज मी पहिल्यांदा ऐकला. "पन जेवीसन जाय."

मग आमच्याकडं वळून, जणू समजावून सांगायला हवं म्हणून, "शनवारपासून जेवनी नही ती."

तिची आई उंबऱ्यातून वळली, आत गेली, आणि ताट घासण्याचा की वाढण्याचा, कसला तरी भांड्यांचा आवाज आला. आबा म्हणाले, "मामाले मी फोन करस." आणि आम्हाला दुसरा चहा घ्यावा लागला.

परतताना सर स्टँडवर बसून राहिले. गाडी आली तरी त्यांनी बायकोला फोन लावला नव्हता. मी म्हटलं, "काय झालं?" म्हणाले, "काही नाही मॅडम. आजवर पुढचं ऐकलंच नव्हतं."

मुलगी दुसऱ्या दिवशी आली. ग्रुपवर काही दिवस कुजबुज चालली, मग कुणाच्या तरी ट्रॅक्टरची चोरी झाली आणि गावाला दुसरा विषय मिळाला. वरून टीव्हीच्या तासांचा अहवाल मागितला तेव्हा मुख्याध्यापकांना भिंतीतलं बटण पुन्हा चालू करावं लागलं. पुढच्या शनिवारी ताईसाहेब पुन्हा अवतरल्या. सर उठून उभे राहिले. मी त्या दिवशी मुद्दाम वर्गात जाऊन बसले होते.

"मुलांनो," ताईसाहेब म्हणाल्या, "एकमेकांविषयी ओढ वाटणं चुकीचं नाही, पण..."

"पण आला!" वर्ग ओरडला.

सरांनी रिमोट दाबला नाही. हात वर करून म्हणाले, "गप्प. आज पुढचं ऐका."

वर्ग गप्प झाला. ताईसाहेबांनी आमच्या शाळेत पहिल्यांदाच वाक्य पूर्ण केलं. "...पण या काळात आपल्या ध्येयापासून विचलित होता कामा नये." आणि संगीत. आणि नावं वर सरकू लागली.

सर तसेच उभे. मग त्यांनी टीव्ही बंद केला आणि रिमोट खिशात टाकला. "ताईसाहेबांना," ते म्हणाले, "एकदा दळण घेऊन आबांच्या गिरणीवर पाठवायला पाहिजे."

तिसऱ्या बाकावर आबांची मुलगी फिसकन हसली. तिचा डबा मी मधल्या सुट्टीत पाहिला होता. पूर्ण संपवलेला होता.